पूर्वेची साइडलाइन

सर्व संबंधितांस अत्यंत गांभीर्यपूर्वक कळवण्यात येते की, विद्यापीठांच्या अमेरिकन फुटबॉलच्या फायनलमध्ये कुठल्या संघाने मैदानाच्या कुठल्या बाजूला उभं राहायचं हे ठरवणारा, इंग्लंड, स्कॉटलंड आणि वेल्स मिळून एकमेव मराठी माणूस आता आपल्यात नाही. त्याच्या सन्मानार्थ झेंडा अर्ध्यावर आणण्याचा विचार होता. परंतु झेंडा कुठल्या बाजूला उभा करायचा, हे ठरवायला तोच लागला असता. सबब बेत रहित.

शेखर, ही घोषणा काल तुझ्या अंत्यविधीनंतर क्रिमेटोरियमच्या कार पार्कमध्ये मी खणखणीत आवाजात करणार होतो. तुला आवडली असती. पण समोरून अंजली आली. तिचे डोळे सुजले होते. आणि माझ्या तोंडून निघालं, "पार्किंगचं तिकीट लावायचं असतं का गं इथे?"

"फ्री आहे रे," ती म्हणाली.

तीस वर्षांच्या मैत्रीवर, मित्राच्या बायकोपाशी, मी व्यक्त केलेल्या या भावना.

तू जाऊन सतरा दिवस झाले. या देशात माणूस गेला तरी त्याला अंत्यविधीची तारीख मिळेपर्यंत थांबावं लागतं. सतरा दिवस जो तो मला फोनवर सांगत होता की, मिलिंद, चांगल्या आठवणी काढ. काढतोय. पण प्रत्येक चांगल्या आठवणीच्या मागे तोच एक संशय उभा असतो, आणि तो तुझ्याबरोबर गेलेला नाही. म्हणून सरळ विचारतो. तीन वर्षांपूर्वीच्या फायनलला माझ्या संघाला पूर्वेची बाजू तू का दिलीस? मी तुझ्याविरुद्ध लेखी तक्रार केली. त्या तक्रारीने तुझं जिवापाड आवडतं काम गेलं. माझा संशय खरा असेल, तर तू मित्राला फसवलंस. खोटा असेल, तर मी फसवलं. दोन्हींपैकी काय ते कळल्याशिवाय मला तुझ्यासाठी धड रडताही येत नाहीये.

हे वाचणाऱ्यांपैकी बऱ्याच जणांना हा खेळ माहीत नसणार. त्यांना समजावतो, तोवर तू कान बंद कर, तुला यातलं प्रत्येक वाक्य चुकीचं वाटणार आहे. तर मंडळी, हेल्मेट घालून आणि खांद्यांना उशा बांधून अकरा जण दुसऱ्या अकरा जणांच्या अंगावर धावून जातात. मैदानात अकराच, पण संघ पन्नासेक जणांचा. उरलेले सगळे, कोच, फिजिओ, पाण्याच्या बाटल्या आणि माझ्यासारखे मॅनेजर, मैदानाच्या एका लांब कडेला उभे राहतात. ही झाली साइडलाइन. समोरच्या कडेला दुसरा संघ. एरवी ज्याचं मैदान, त्याची निवड. पण फायनल असते तिऱ्हाईत मैदानावर, तिथे यजमान कोणीच नाही. मग कोणीतरी ठरवून द्यावं लागतं. तो कोणीतरी म्हणजे तू. पगार नाही, भत्ता नाही. एक पिवळंजर्द जॅकेट, आणि त्यावर तुझं आडनाव चुकीच्या स्पेलिंगने.

आपण दोघं या भानगडीत पडलो ते वेगवेगळ्या दारांनी. मी ब्रिस्टलच्या विद्यापीठात वर्कशॉपचा टेक्निशियन. खेळाडू ज्याला खांदे मारून ढकलत सराव करतात, ती लोखंडी घसरगाडी एकदा मोडली, ती मी वेल्ड करून दिली, आणि पुढच्या आठवड्यात मला कळलं की मी संघाचा मॅनेजर झालोय. तू क्रॉयडनच्या इन्शुरन्स ऑफिसात दिवसभर लोकांचे क्लेम तपासायचास. कोण खरं बोलतोय, कोण खोटं, हेच तुझं काम. शनिवार-रविवारी सुट्टी म्हणून तू हेच काम मैदानावर करायला लागलास.

काम तरी कसं! ते मी डोळ्यांनी बघितलंय. मे महिन्यातल्या एका फायनलच्या आधीच्या शनिवारी तू मला मैदान बघायला घेऊन गेलास. त्या वर्षी माझा संघ पहिल्याच फेरीत गारद झालेला, त्यामुळे माझ्यापासून कसला धोका नव्हता. तू गाडीच्या डिकीतून एक घडीची खुर्ची काढलीस आणि चहाचा फ्लास्क. पश्चिमेच्या कडेला खुर्ची टाकून बरोबर एक तास बसलास. मग उठून पूर्वेच्या कडेला एक तास. भुरभुर पाऊस पडतच होता.

"हे काय करतोयस?" मी विचारलं.

"बसतोय."

"ते दिसतंय. का?"

"इथे बसल्यावर काय काय त्रास होतो ते कळायला नको? वारा कुठून येतो, पाणी कुठे साचतं, टॉयलेट किती लांब आहे."

"अरे बाबा, नाणं उडव आणि मोकळा हो. सगळं जग नाणं उडवतं."

"नाण्याला कारण विचारता येत नाही," तू म्हणालास. "हरलेल्या माणसाला कारण लागतं, मिलिंद. कारण दिलं की तो शिव्या घालतो आणि घरी जातो. नाही दिलं तर तो घरी जातच नाही."

या वादात मी हरलो असं मी कधीच मान्य केलं नाही. पण तुझी ती पत्रं खरंच बघण्यासारखी असायची. फायनलच्या तीन दिवस आधी दोन्ही मॅनेजरांना अर्धं पान. अमुक संघाचा एक कोच कुबड्यांवर आहे, म्हणून चेंजिंग रूमजवळची बाजू त्यांना. तमुक संघाचे पाठीराखे दोन बस भरून येणार, म्हणून स्टँडसमोरची बाजू त्यांना. हरणारे शिव्या घालायचे आणि घरी जायचे.

आणि मग ते वर्ष आलं. ब्रिस्टल विरुद्ध एडिनबरा. माझा संघ फायनलला! मी वर्कशॉपमध्ये लेथ मशीनसमोर नाचलो. तुला फोन केला तर तू "अभिनंदन" म्हणालास. मग म्हणालास, "आता फायनल होईपर्यंत आपण बोलायला नको."

"का?"

"लोक काय म्हणतील?"

"कोण लोक? या खेळाला सगळे मिळून जेवढे प्रेक्षक येतात, तेवढे आपल्या हळदीकुंकवाला असतात."

तू फोन ठेवलास. मी गमतीत कुरियरने चकल्या पाठवल्या, तर तू त्या परत पाठवल्यास, सीलबंद, जशाच्या तशा. जाता-येता दोन प्रवासांत त्यांचा भुगा झाला. शेखर, चकल्या परत करणारा माणूस एक तर संत असतो, नाहीतर त्याच्या मनात काहीतरी शिजत असतं. माझ्या ओळखीत संत कोणी नव्हता.

फायनलच्या तीन दिवस आधी तुझा ईमेल आला. अर्धं पान नाही. एक ओळ. ब्रिस्टल पूर्वेला, एडिनबरा पश्चिमेला. कारण नाही.

मी तो ईमेल सात वेळा वाचला. खाली स्क्रोल करून बघितलं, कुठे काही लपलंय का. नुसतं तुझं नाव. त्या मैदानाची मला पूर्ण माहिती होती. पश्चिमेला स्टँड. त्याची सावली पश्चिमेच्या कडेवर पडते, चेंजिंग रूम तिथेच, चहा तिथेच. पूर्वेच्या कडेला एक कुंपण आणि त्यापलीकडे मेंढ्या. दुपारभर सूर्य थेट तोंडावर. आणि स्कोअरबोर्ड, घड्याळासकट, स्टँडच्या छपरावर. म्हणजे पूर्वेकडून बघणाऱ्याला बरोबर सूर्याच्या खाली.

सामन्याच्या दिवशी, या देशाने माझ्यावर खास राग धरल्यासारखं, आकाशात एक ढग नव्हता.

तू पश्चिमेच्या टोकाला उभा होतास, पिवळ्या जॅकेटात. मी हात केला. तू बघितलंस आणि मान दुसरीकडे वळवलीस. मी ते बघितलं. इन्शुरन्सचे क्लेम तू तपासायचास, पण माणसं वाचायला मीही शिकलोय.

शेवटच्या मिनिटाचं तुला मी कितीदा सांगितलंय, आता शेवटचं ऐक. आम्ही दोन गुणांनी मागे. चेंडू आमच्याकडे, गोलच्या खांबांपासून फार लांब नाही. एक किक बसली की तीन गुण, आणि कप ब्रिस्टलला. त्यासाठी किक मारणारी तुकडी बाहेरून आत धावत जावी लागते. कोचने कपाळावर हात धरून घड्याळाकडे बघितलं. "किती राहिलंय?" तो ओरडला. मी बघितलं. तिथे फक्त सूर्य होता. आमच्यापैकी कोणीतरी म्हणालं, चाळीस सेकंद. कोच म्हणाला, मग अजून एकदा पुढे सरकू, मग किक. पोरं एकदा पुढे सरकली. किकवाले धावले, रांगेत उभेही राहिले. आणि शिट्टी वाजली. चाळीस नव्हते, चौदा होते.

पलीकडे सावलीत एडिनबराचे सगळे सेकंदा-सेकंदाला मोठ्याने उलटे आकडे मोजत होते. त्यांना घड्याळ स्वच्छ दिसत होतं. आम्हाला वाटलं, ते आम्हाला चिडवतायत.

मी मैदान ओलांडून तुझ्याकडे आलो. आठवतंय?

"कारण सांग," मी म्हणालो.

"निर्णय माझा होता."

"ते माहितीय. कारण सांग. अर्धं पान नको, अर्धी ओळ सांग."

"मिलिंद, घरी जा."

मी घरी गेलो आणि तक्रार लिहिली. तीन पानं. तुझ्या भाषेत सांगायचं तर हरलेल्या माणसाला कारण मिळालं नाही, म्हणून तो घरी जाऊनही गेला नाही. मी लिहिलं की संबंधित अधिकाऱ्याची माझ्याशी जुनी मैत्री आहे. आपण पक्षपाती दिसू नये, या भीतीने त्याने मुद्दाम मित्राच्या संघाला वाईट बाजू दिली, आणि स्वतःच्या स्वच्छ प्रतिमेसाठी पन्नास जणांच्या डोळ्यांत सूर्य घातला. हे शेवटचं वाक्य मला इतकं आवडलं की मी ते बायकोला दोनदा वाचून दाखवलं. ती म्हणाली, "पाठवू नकोस." मी पाठवलं. वाक्य फारच चांगलं झालं होतं, शेखर. माझे निम्मे गुन्हे असेच झालेत.

कमिटीने तुझ्याकडे खुलासा मागितला. तू उत्तर दिलंस, निर्णय माझा, कारण देता येणार नाही. आयुष्यभर दुसऱ्यांकडे कारणं मागणारा माणूस! त्यांनी तुझे आभार मानले आणि पुढच्या वर्षीपासून बाजू ठरवायचं काम काढून घेतलं. आता तिथे नाणं उडवतात.

आणि तू? तू नंतरही फायनलला जात राहिलास. पार्किंगमध्ये बस कुठे लावायच्या ते दाखवायला. तेच पिवळं जॅकेट. पहिल्या वर्षी मी तुला तिथे लांबून बघितलं. बस कुठे लावायची हे सांगण्याआधीसुद्धा तू वारा कुठून येतोय ते बघत होतास. मी गाडीतून उतरलो नाही. आमचा संघ आत खेळतही नव्हता, मी फक्त तू आलायस का ते बघायला ब्रिस्टलहून दोन तास गाडी चालवली होती. हे आज सांगतोय.

आपलं बोलणं थांबलं नाही, ही त्यातली खरी गंमत. तीन वर्षं दर रविवारी फोन. तुझे गुडघे, माझा बॉस, कौन्सिलने बदललेले कचऱ्याच्या बिन्सचे वार. सगळं बोललो. आणि प्रत्येक फोनमध्ये मी एक सापळा लावायचो.

"काय रे, त्या मैदानाच्या पूर्वेला मेंढ्या होत्या की गाई?"

"मला आठवत नाही."

"तू तिथे तासभर बसला असशील ना त्या वर्षीही?"

"मिलिंद, गुडघ्यांबद्दल बोल."

मी पुरावे गोळा करत होतो. पहिला संशय वर सांगितलाच. दुसरा, तू संक्रांतीच्या कार्यक्रमाचा राग काढलास. त्या फायनलच्या आधीच्या संक्रांतीला मी हॉलभर माणसांसमोर तुझी गोष्ट सांगितली होती. तू खुर्ची टाकून बसलायस आणि मैदानातले पाण्याचे फवारे सुरू झालेत, तरी तू तास पूर्ण व्हायचा म्हणून उठला नाहीस. आता फवारा खरं तर एकच होता आणि तोही तुझ्यापासून लांब, पण मी तो जवळ आणला, पाच केले, आणि तुझ्या फ्लास्कमध्ये पाणी भरवलं. हॉल कोसळला हसून. तू सगळ्यात शेवटी हसलास. मला ते उशिरा हसणं तेव्हाच खटकलं होतं.

तिसरा पुरावा तर मी रंगेहाथ पकडला होता. तुझ्या स्वयंपाकघरात, फ्रिजवर, स्कॉटिश शॉर्टब्रेडचा मोठा डबा. वर लाल चौकटींचं डिझाइन. एडिनबरा! अंजली बाहेर गेली होती, तू बाथरूममध्ये. मी स्टुलावर चढून डबा उघडला. आत गोडा मसाला होता. झाकण लावताना तो इतका उडाला की तू बाहेर आलास तेव्हा मी स्टुलावर उभा राहून शिंकत होतो.

"काय शोधतोयस?"

"साखर."

"तुला डायबिटीस आहे."

तू मला ओळखलं होतंस, आणि तरी चहा केलास. बिनसाखरेचा.

मग तुझं ते आजारपण. त्याबद्दल मी लिहिणार नाही, तुला त्याचा कंटाळा आला होता. फक्त एक दुपार. क्रॉयडनच्या हॉस्पिटलमध्ये तुझी कॉट खिडकीजवळ होती. मी ब्रिस्टलहून ट्रेनमध्ये पूर्णवेळ एक वाक्य घोकत आलो होतो, आणि खुर्ची ओढून बसल्या बसल्या ते म्हणून टाकलं.

"शेखर, जर मी चुकलो असेन, तर मला माफ कर."

तुझे डोळे मिटलेले होते, ते तू तसेच ठेवलेस. "जर काढ आणि मग ये."

"मग तू कारण सांग, मी जर काढतो."

"कारण होतं," तू म्हणालास.

मी खुर्चीच्या टोकावर आलो. तीन वर्षांत पहिल्यांदा तू एवढं बोलला होतास.

"होतं. पण ते माझं नव्हतं. म्हणून तुला सांगता येत नाही."

"मग कोणाचं? कमिटीचं? एडिनबराच्या मॅनेजरचं, त्या फ्रेझरचं?"

"तक्रार लिही," तू म्हणालास, आणि हसलास, आणि हसता हसता इतका खोकलास की नर्स धावत आली आणि तिने मला बाहेर काढलं.

मी ब्रिस्टलला परत आलो, 'जर' काढायला. एका शब्दाचं काम. तीन आठवडे लागले तरी होईना. मी कागदावर लिहून बघितलं, मी चुकलो, मला माफ कर. हात थांबायचा. कारण लगेच मनात यायचं, मग 'माझं नव्हतं' म्हणजे कोणाचं? तुझ्यामागे कोण होतं? बावीस दिवसांनी मी तिकीट काढलं. तेविसाव्या दिवशी अंजलीचा फोन आला.

ते तिकीट मी रद्द केलं नाही. पाकिटात आहे.

आता काल काय झालं ते ऐक. क्रिमेटोरियमहून सगळे तुझ्या घरी आले. शेजारच्या काकूंनी रीतीप्रमाणे पिठलं-भात केला होता, ऑफिसातल्या बायकांनी त्रिकोणी सँडविचेस आणली होती, आणि दोन्ही एकाच टेबलावर होतं. सोफ्यावर कोण बसला होता? फ्रेझर. एडिनबराचा मॅनेजर. सहा फूट उंच, पांढरी दाढी, काळा टाय, मांडीवर पिठलं-भाताची डिश. सकाळची पहिली ट्रेन पकडून आला होता. माझे कान टवकारले. एका साइडलाइनसाठी माणूस अख्खा देश ओलांडून येतो?

मी त्याच्या शेजारी बसलो आणि मला राहवलं नाही. तुला माहितीये, चार माणसं समोर दिसली की मला राहवत नाही. मी सगळी गोष्ट सांगितली, मराठीत आणि इंग्रजीत आलटून पालटून, उभं राहून, हातवारे करून. खुर्ची, फ्लास्क, चकल्यांचा भुगा, कपाळावर हात धरलेला कोच, तिथे फक्त सूर्य होता. लोक हसत होते, मग शेजारच्या काकूंनी डोळे पुसले. शेवटी मी फ्रेझरकडे बोट रोखलं आणि म्हणालो, "आणि आता, या घरात, या दिवशी, तुम्हीच सांगा. शेखरने तुम्हाला सावली का दिली?"

फ्रेझरने डिश खाली ठेवली. "मला वाटलं तुला माहीत असेल," तो त्याच्या संथ इंग्रजीत म्हणाला. "माझी निम्मी पोरं लाल केसांची. दहा मिनिटं ऊन लागलं की भाजून निघतात. मी त्याला कधी सांगितलं नव्हतं. पण तो असा माणूस होता की त्याने बघितलं असणार. सामन्यानंतर मी त्याला थँक यू म्हणालो. तो घाईने निघून गेला. म्हणून आज आलो, नीट म्हणायला."

शेखर, ऐकतोयस? म्हणजे होतं कारण! आणि चांगलं कारण होतं, माणुसकीचं, अर्ध्या पानात सहज मावणारं. मग लिहिलं का नाहीस? माझ्या पोरांना डोळे नव्हते का? मी सगळ्यांकडे वळून मराठीत ओरडलो, "ऐकलंत? लाल केस! त्यांची कातडी जपायला याने आमचा कप दिला! आणि मला म्हणे, कारण माझं नव्हतं! अहो, मग कोणाचं होतं?"

अंजली चहाचा ट्रे घेऊन स्वयंपाकघराच्या दारात उभी होती. ती कधीपासून ऐकत होती कोण जाणे. तुला माहीतच आहे, तिने तुमच्या त्या हेल्मेटवाल्या खेळाचा एकही सामना बघितलेला नाही, आणि गेल्या सतरा दिवसांत ती कोणाशी दोन वाक्यांहून जास्त बोलली नव्हती. ती ट्रे घेऊन थेट माझ्याकडे आली. मी ट्रे धरायला पुढे झालो, तर तिने तो माझ्या हातात जवळजवळ आदळला आणि सगळ्या खोलीदेखत म्हणाली:

"माझं होतं! माझं कारण होतं ते! दोन दिवस धड जेवला नाही तो. म्हणाला, मिलिंदचा संघ आहे, मी काहीही ठरवलं तरी मला माझाच संशय येतोय, तू सांग, एक बाजू उन्हाची आहे आणि एक सावलीची. तर मी म्हटलं, अरे, त्यात विचारायचं काय, मिलिंदला ऊन दे! मला काय माहीत तुमचं घड्याळ कुठे असतं ते! इंग्लंडमध्ये सावली कोणाला हवी असते रे?"